संख्यारेषा काढल्याशिवाय असमानतेचं गणित पूर्ण धरू नका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

परीक्षेच्या आधी आपल्या पेपरात गणिताचे सोडवलेले नमुना प्रश्न येतात ते मी नेहमी वाचते, मुलांकडून सोडवूनही घेते, आणि त्यात एक गोष्ट सतत खटकते म्हणून हे पत्र. रेषीय असमानतेचं गणित असलं, म्हणजे समीकरणासारखंच पण मध्ये बरोबरच्या जागी लहान-मोठ्याचं चिन्ह असलेलं, मुलं ज्याला सरळ इनइक्वालिटी म्हणतात ते, आणि त्यातून अपूर्णांक असलेलं, की ओळी खाली खाली येत जातात, शेवटी "क्ष > २" असं येतं आणि तिथेच गणित थांबतं. प्रश्नात तर स्पष्ट लिहिलेलं असतं की उकल संख्यारेषेवर दाखवा. रेषा मात्र छापलेली नसते, फार तर "संख्यारेषा विद्यार्थ्यांनी काढावी" एवढं वाक्य असतं. गाइडमध्ये तेच, बऱ्याच वर्गांतही तेच, वेळ उरला तर काढा नाहीतर राहू दे. मला मनापासून असं वाटतं की ती रेषा हेच या गणिताचं उत्तर आहे, आणि ती गणित चालू असतानाच काढायची सवय लावली तर या धड्यातल्या बहुतेक चुका मुलांना स्वतःच्या स्वतः दिसतात, कोणी लाल पेनने दाखवायची गरज पडत नाही.

समीकरण आणि असमानता दिसायला जुळ्या, मधलं चिन्ह तेवढं वेगळं, त्यामुळे मुलं दोन्ही एकाच हाताने सोडवतात. क्ष/२ + १ = २ याचं उत्तर एक संख्या, २, विषय संपला. पण क्ष/२ + १ > २ याचं उत्तर काय? २ पेक्षा मोठी असलेली प्रत्येक संख्या, त्यात ३ आली, १०० आली, ५/२ आली, २.०००१ पण आली. मुलांना सांगा की या उत्तरातल्या तीन संख्या दे, बहुतेक जण ३, ४, ५ म्हणतील. मग विचारा की बरं, २ च्या लगेच पुढची कोणती? कोणी ३ म्हणतं, कोणी २.१ म्हणतं, मग मागून कोणीतरी २.०१ म्हणतं, मग २.००१, आणि थोड्याच वेळात सगळ्या वर्गाला कळतं की हे संपणारच नाहीये, २ च्या पुढची पहिली अशी संख्याच नाही. आता २ वर पोकळ गोल काढा. तो गोल नेमकं हेच सांगतो की इथून सुरुवात आहे पण इथला हा बिंदू आपला नाही, याच्या कितीही जवळ जा चालेल. मुलांना सहसा एवढंच सांगितलेलं असतं की चिन्हाच्या खाली रेघ असेल (≥, ≤) तर ठिपका भरायचा आणि नसेल तर रिकामा ठेवायचा, मग ती भरतात किंवा ठेवतात, आणि आठवड्याने कुठलं काय ते विसरतात.

यात मुलांचा दोष नाही कारण ही गोष्ट मुळात बारीक आहे. बरोबरचं चिन्ह रॉबर्ट रेकॉर्डने १५५७ मध्ये छापलं. < आणि > ही चिन्हं १६३१ मध्ये थॉमस हॅरियटच्या पुस्तकात आली, तेही तो गेल्यावर दहा वर्षांनी निघालेल्या. आणि "लहान किंवा बरोबर" हे एकाच चिन्हात सांगणारं, खाली बरोबरच्या रेघा जोडलेलं रूप फ्रान्सच्या पिएर बुगेरने १७३४ मध्ये वापरलं. म्हणजे हॅरियटपासून शंभर वर्षांच्या वर गेली. टोकाचा बिंदू उत्तरात धरायचा की नाही हे मुलांना एका तासात उमजावं अशी अपेक्षा करणारे आपण, निदान त्या टोकावर थोडं थांबायला हवं.

आता अपूर्णांक. हे एक गणित घ्या:

(२क्ष − १)/३ − (क्ष − २)/४ > १

छेद ३ आणि ४, लसावि १२, दोन्ही बाजूंच्या प्रत्येक पदाला १२ ने गुणलं की छेद जातात:

४(२क्ष − १) − ३(क्ष − २) > १२
८क्ष − ४ − ३क्ष + ६ > १२
५क्ष + २ > १२
५क्ष > १०
क्ष > २

वह्या तपासताना यात दोन चुका इतक्या वेळा दिसतात की मी त्या आधीच फळ्यावर लिहून ठेवते. पहिली, उजवीकडच्या १ ला १२ ने गुणायचं राहून जातं, कारण त्याला छेदच दिसत नाही आणि मुलांच्या डोक्यात लसावि हे छेद घालवायचं औषध असतं, ज्याला छेद नाही त्याला कशाला द्यायचं. मग ५क्ष + २ > १ होतं आणि उत्तर येतं क्ष > −१/५. दुसरी चूक दुसऱ्या अपूर्णांकाच्या आधीच्या वजाची. −३(क्ष − २) चं −३क्ष + ६ व्हायला हवं, त्याऐवजी −३क्ष − ६ लिहिलं जातं आणि उत्तर येतं क्ष > २२/५. याचं मूळ मला असं वाटतं की अपूर्णांकाची आडवी रेघ गुपचूप कंसाचं काम करत असते, तिच्यावरचं क्ष − २ हे एक अख्खं आहे, आणि छेद गेला की रेघही जाते, मग कंस आपण हाताने घालावा लागतो, आणि तो घालायला कोणी बजावून सांगितलेलं नसतं. कंस न घालता थेट पुढची ओळ लिहिणारी मुलं हुशार असली तरी इथे पडतात. म्हणून मी म्हणते की छेद घालवायच्या आधी प्रत्येक अंशाला कंस घाला, एक पदच असलं तरी घाला, शाई काही फार लागत नाही.

आता तीन मुलांची तीन उत्तरं आली, २ च्या पुढे, −१/५ च्या पुढे, २२/५ च्या पुढे. कुठलं खरं? इथे संख्यारेषा काढा, तिन्ही टोकं त्यावर मांडा आणि मधल्या मोकळ्या जागेतून एकेक संख्या उचलून मूळ गणितात घाला. ० घातला तर −१/३ + १/२ म्हणजे १/६, तो काही १ पेक्षा मोठा नाही, पण −१/५ वाला म्हणतो ० माझ्या उत्तरात आहे. गेला. ३ घातला तर ५/३ − १/४ म्हणजे १७/१२, तो १ पेक्षा मोठा आहे, पण २२/५ वाल्याच्या रेषेवर ३ ला जागाच नाही. तोही गेला. आणि २ घातला तर १ − ०, डावी बाजू बरोबर १, दोन्ही बाजू तंतोतंत सारख्या. टोकाच्या संख्येला दोन्ही बाजू सारख्या यायलाच पाहिजेत, टोक असतंच तिथे जिथे पारडं फिरतं. तर हा झाला असमानतेचा ताळा: टोकाची संख्या घालून दोन्ही बाजू सारख्या येतात का बघायचं, मग टोकाच्या डावीकडची एक आणि उजवीकडची एक घालून बघायची, एक लागू पडली पाहिजे आणि एक पडता कामा नये. समीकरणात एक संख्या घालून ताळा होतो, इथे तीन लागतात. आणि प्रत्येक बाजूची एकच संख्या का पुरते तर गणित रेषीय आहे, म्हणजे त्यात क्ष चा वर्ग नाही की छेदात क्ष नाही, दोन बाजूंमधला फरक क्ष पुढे सरकेल तसा एकाच दिशेने वाढत किंवा घटत जातो, शून्यातून एकदाच जातो, परत फिरत नाही. हे कारण मोठ्या मुलांना तरी सांगावंच, नाहीतर ताळा हाही एक पाठ केलेला नियम होऊन बसेल.

रेषेवर अपूर्णांक नीट बसवणं हे स्वतःच एक काम आहे, त्याला वेळ द्यायला हवा. ७/३ म्हणजे २ पूर्णांक १/३, म्हणून २ आणि ३ च्या मध्ये, २ च्या पुढे एक तृतीयांश, हे जमतं. पण −७/३ सांगा, बरीच मुलं −२ वर बोट ठेवतात आणि तिथून सवयीने उजवीकडे एक तृतीयांश सरकतात, पोचतात −५/३ वर. जायचं होतं −२ पासून डावीकडे, −३ च्या दिशेने. उत्तर "क्ष ≥ −७/३" असं अगदी बरोबर काढून चित्र चुकीचं काढलेल्या वह्या मी खूप पाहते, आणि चित्राला मार्क नसल्यामुळे ती चूक वर्षभर कोणालाच कळत नाही. यावर सोपा उपाय म्हणजे आधी ती संख्या कुठल्या दोन पूर्णांकांच्या मध्ये आहे ते लिहायचं, −३ < −७/३ < −२, मग त्या दोघांमध्ये छेदाइतके सारखे भाग पाडायचे आणि मगच ठिपका.

कॅल्क्युलेटरवाली मुलं १/३ चं ०.३३ करतात, तेही इथे चालत नाही. समीकरणात थोडाफार फरक पडला तर आपण "जवळपास" म्हणून सोडून देतो पण असमानतेत टोक हललं की आतबाहेर बदलतं. क्ष ≥ १/३ च्या जागी क्ष ≥ ०.३३ लिहिलं तर ०.३३१ ही संख्या उत्तरात येऊन बसते, जी खरं तर १/३ पेक्षा लहान आहे. अपूर्णांक शेवटपर्यंत अपूर्णांकच ठेवावा, रेषेवर जागा शोधायला हवं तर बाजूला दशांश करून बघावा.

आणि आता ज्या नियमावर सगळ्यात जास्त घोकंपट्टी होते तो. ऋण संख्येने गुणलं किंवा भागलं की चिन्ह उलटतं. मुलांच्या डोक्यात हे "मायनस आला की चिन्ह उलटं" एवढंच उरतं, आणि मग ३क्ष > −६ मध्ये मायनस दिसला म्हणून क्ष < −२ लिहून मोकळे होतात, भागलं होतं +३ ने तरी. क्ष + ४ > १ मध्ये ४ पलीकडे गेला, वजा झाला, म्हणून तिथेही उलटवतात. कारण माहीत नसलेला नियम कुठे लावायचा आणि कुठे नाही हे मुलांनी ठरवायचं तरी कसं?

कारण सांगायला खरं तर संख्यारेषाच पुरते. २ आणि ५ मांडा. ५ उजवीकडे, म्हणून मोठा. आता शून्यावर आरसा उभा केला असं समजा, २ चं प्रतिबिंब −२ वर पडेल, ५ चं −५ वर. जो शून्यापासून जास्त लांब होता तो आता डावीकडे जास्त लांब गेला. −५ डावीकडे, म्हणून लहान. जे दोघांच्या बाबतीत झालं ते कुठल्याही दोन संख्यांच्या बाबतीत होतं, एक धन आणि एक ऋण घेऊन बघा, −१ आणि ४ घ्या, आरशात १ आणि −४, क्रम पुन्हा उलटा. हे मुलांना स्वतःच्या हाताने चार-पाच जोड्या घेऊन करू द्यावं, घाई करू नये.

ज्यांना चित्रावर भरवसा नाही त्यांच्यासाठी दुसरी वाट आहे आणि ती मला फार आवडते, कारण तिच्यात गुणाकार येतच नाही. २ < ५ च्या दोन्ही बाजूंतून ७ वजा करा. वजाबाकीने चिन्ह बदलत नाही हे सगळ्यांना मान्य असतं, दोन्ही बिंदू सारखेच सरकतात. काय मिळालं? −५ < −२. अक्षरांत म्हटलं तर अ < ब मधून दोन्हीकडे अ + ब वजा केलं की उरतं −ब < −अ. चिन्ह जागचं हललं नाही, संख्यांनी जागा बदलल्या, आणि हेच उजवीकडून डावीकडे वाचलं की −अ > −ब. झाला नियम सिद्ध, तोही फक्त वजाबाकीने. मोठ्या वर्गातल्या मुलांना हे दाखवलं की त्यांचा चेहरा बघण्यासारखा असतो, इतके दिवस हुकूम म्हणून पाळलेली गोष्ट स्वतः काढता येते म्हणून.

ऋण संख्यांचे गुणाकाराचे नियम ब्रह्मगुप्ताने इ.स. ६२८ मध्ये लिहून ठेवलेत, धन गुणिले ऋण ऋण, ऋण गुणिले ऋण धन, आणि त्याने त्यांची कल्पना मालमत्ता आणि कर्ज अशी केली होती. पण त्याच संख्या रेषेवर पाऊल टाकत मोजायच्या हे चित्र इंग्लंडच्या जॉन वॉलिसने १६८५ मध्ये दिलं, एक माणूस ५ यार्ड पुढे जातो आणि ८ यार्ड मागे येतो, तर तो निघाल्या जागेच्या ३ यार्ड मागे, म्हणजे −३ वर. हजार वर्षांहून जास्त अंतर आहे मध्ये. नियम आधी आला, चित्र फार नंतर. आपल्या हातात दोन्ही तयार आहेत तर मुलांना फक्त नियम देऊन चित्र का राखून ठेवायचं हे मला खरंच कळत नाही.

चिन्ह उलटवायची भीती वाटणाऱ्यांनी क्ष ची पदं जिकडे धन राहतील तिकडे न्यावीत, हेही चालतं. उदाहरण:

क्ष/३ + १/२ ≥ क्ष/२ − १/४

१२ ने गुणून ४क्ष + ६ ≥ ६क्ष − ३. आता सवयीने क्ष डावीकडे आणले तर −२क्ष ≥ −९, मग −२ ने भागताना चिन्ह उलटवून क्ष ≤ ९/२. त्याऐवजी क्ष उजवीकडे नेले तर ९ ≥ २क्ष, म्हणजे ९/२ ≥ क्ष, तेच उत्तर, उलटवायचं कामच पडलं नाही. दोन्ही वाटा एकदा शेजारी शेजारी करून बघाव्यात. रेषेवर ४ आणि ५ च्या बरोबर मध्ये भरीव ठिपका, डावीकडे जाड रेघ आणि बाण. ९/२ घालून बघा, दोन्हीकडे २ येतात. ० घाला, १/२ आणि −१/४, लागू. ६ घाला, ५/२ आणि ११/४, नाही लागू. (दुसऱ्या वाटेने ९/२ ≥ क्ष आलं की ते क्ष ≤ ९/२ असं फिरवून लिहिताना मुलं गडबडतात, म्हणून वाक्य करून वाचायला लावावं: साडेचार हा क्ष पेक्षा मोठा किंवा त्याच्याइतका आहे, म्हणजे क्ष साडेचार किंवा त्याहून लहान.)

रेषा चूक कशी पकडते याचं सगळ्यात चांगलं उदाहरण दुहेरी असमानतेत मिळतं, आणि हे गणित आपल्या पेपरात एकदा तरी चित्रासकट छापावं असं मला वाटतं:

−१ < (३ − २क्ष)/५ ≤ २

५ ने गुणून −५ < ३ − २क्ष ≤ १०, तिन्हीकडून ३ वजा करून −८ < −२क्ष ≤ ७, आणि आता −२ ने भागायचं. ज्याने चिन्हं उलटवली नाहीत त्याचं उत्तर येईल ४ < क्ष ≤ −७/२. नुसतं लिहिलेलं बघितलं तर यात काही खटकत नाही, मुलं खाली दोन रेघा मारून पुढच्या गणिताकडे जातात. पण हेच रेषेवर काढायला घ्या. ४ च्या उजवीकडे आणि त्याच वेळी −३.५ च्या डावीकडे? अशी जागाच नाही, पेन्सिल अडते. कोणी न सांगता मूल मागच्या ओळीवर परत जातं. उलटवलं की ४ > क्ष ≥ −७/२, म्हणजे नीट लिहून −७/२ ≤ क्ष < ४. −३.५ वर भरीव ठिपका, ४ वर पोकळ गोल, मधला तुकडा जाड. −७/२ घातलं तर मधलं पद १०/५ म्हणजे २, चालतं. ४ घातलं तर −५/५ म्हणजे −१, आणि −१ हा −१ पेक्षा मोठा नसतो, म्हणून पोकळ.

कधी कधी क्ष च उडून जातो आणि मुलं घाबरतात. क्ष/२ + क्ष/३ < ५क्ष/६ + १ सोडवलं तर शेवटी ० < १ उरतं. हे नेहमीच खरं, म्हणून प्रत्येक संख्या उत्तर आहे, अख्खी रेषा जाड करा दोन्हीकडे बाणांसकट. त्याच गणितात चिन्ह > असतं तर ० > १ उरलं असतं, ते कधीच खरं नाही, रेषा कोरीच ठेवायची. कोरी रेषा हे पूर्ण उत्तर आहे, मुलाने गणित सोडून दिलं असं समजून मार्क कापू नयेत, बाजूला "उकल नाही" असं लिहायला मात्र शिकवावं.

शाब्दिक गणितांत आणखी एक घोळ होतो तो राऊंड ऑफचा. १३० मुलं, एका बसमध्ये ४० जागा, किती बस लागतील? ४०न ≥ १३०, न ≥ १३/४, म्हणजे सव्वातीन. राऊंड ऑफ करणारा ३ लिहितो आणि १० मुलं मागे राहतात. दुसरं, लिफ्टची मर्यादा ५०० किलो, एक खोकं ६५ किलोचं, किती खोकी ठेवता येतील? न ≤ १००/१३, साधारण ७.६९, राऊंड ऑफ करणारा ८ लिहितो आणि वजन ५२० किलो होतं. रेषेवर या गणितांत जाड रेघ काढायचीच नसते, पूर्ण संख्यांवर सुटे ठिपके द्यायचे. मग दिसतं की सव्वातीनच्या उजवीकडचा पहिला ठिपका ४ चा आहे आणि ७.६९ च्या डावीकडचा पहिला ७ चा. बस अर्धी नसते आणि खोकं पाऊण नसतं हे मुलांना माहीत असतंच, पण उत्तरात कुठल्या प्रकारच्या संख्या चालतील हे गणिताच्या सुरुवातीलाच लिहायची सवय नसते.

हा धडा किरकोळ समजून पुढे पळवला जातो याचं मला वाईट वाटतं. कारखान्यात कच्चा माल, वेळ, माणसं यांच्या मर्यादा सांभाळून जास्तीत जास्त काय करता येईल हे ठरवणारं लिनियर प्रोग्रामिंग अशाच रेषीय असमानतांच्या ढिगावर उभं आहे, जॉर्ज डान्ट्झिगने १९४७ मध्ये त्यासाठी सिम्प्लेक्स पद्धत काढली. तिथे एका रेषेच्या जागी बऱ्याच दिशा असतात पण मुळातला प्रश्न हाच, टोक कुठे आहे, कुठली बाजू आपली, आणि टोक धरायचं की नाही.

शिकवणाऱ्या मंडळींना एक सुचवते. धडा संपल्यावर मुद्दाम एक रेषीय नसलेलं गणित द्या, ६/क्ष > २. मुलं लगेच क्ष ने गुणून ६ > २क्ष, म्हणून क्ष < ३ लिहितात. आता −१ घालायला सांगा. तो ३ पेक्षा लहान आहे, पण −६ काही २ पेक्षा मोठा नाही. काय झालं? ज्याने गुणलं तो क्ष धन आहे की ऋण हेच माहीत नव्हतं. धन असेल तर चिन्ह तसंच राहतं आणि ० ते ३ मधल्या संख्या मिळतात, ऋण असेल तर डावी बाजू ऋण, ती २ च्या वर जाऊच शकत नाही, आणि ० तर छेदात चालतच नाही. रेषेवर ० ला पोकळ गोल, ३ ला पोकळ गोल, मधला तुकडा जाड. मग मुलांना विचारा की इतके दिवस आपण १२ ने, ५ ने बिनधास्त गुणत होतो ते कशाच्या जोरावर? लसावि धन असतो म्हणून, हे उत्तर त्यांच्याच तोंडून आलं पाहिजे.

पेपर सेट करणाऱ्या आणि तपासणाऱ्या सगळ्यांना कळकळीची विनंती आहे. संख्यारेषेला वेगळा मार्क ठेवा, ताळ्याला वेगळा ठेवा. आणि एखाद्या मुलाचं उत्तर चुकलंय, पण त्याने तीन संख्या घालून बघितल्यात आणि खाली प्रामाणिकपणे लिहिलंय की डावीकडची संख्या जुळत नाही, कुठेतरी चूक आहे पण वेळ संपला, तर त्या ओळीचा मार्क त्याला द्या.

कळावे,
आपली,
गणित शिकवणारी एक वाचक